मारहाणीच्या खटल्यात शिक्षा झाली, आता अपील : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बांधावरचं भांडण, सोसायटीतल्या पार्किंगवरून झालेली हाणामारी, वरातीतली झटापट. खालच्या कोर्टात शिक्षा लागली की घरचे लोक जे प्रश्न पुन्हा पुन्हा पाठवतात, ते इथे एकत्र केले आहेत. उत्तरं महाराष्ट्र आणि गोव्यातल्या कोर्टांना धरून आहेत. घटना १ जुलै २०२४ च्या आधीची असेल तर गुन्ह्याला भारतीय दंड संहितेची (भादंवि) कलमं लागतात, त्यानंतरची असेल तर भारतीय न्याय संहितेची. म्हणून गरज आहे तिथे जुना आणि नवा असे दोन्ही क्रमांक दिले आहेत. ही माहिती वाचून वकिलाशी नीट बोलता यावं एवढाच हेतू आहे. वकिलाची जागा ती घेऊ शकत नाही.

१. अपील म्हणजे खटला पहिल्यापासून पुन्हा चालतो का?

नाही. साक्षीदार पुन्हा पिंजऱ्यात येत नाहीत. खालच्या कोर्टात नोंदवलेला पुरावा, निशाणी पडलेली कागदपत्रं, आरोपीचा जबाब आणि निकालपत्र एवढं सगळं वरच्या कोर्टासमोर जातं आणि त्यावरच युक्तिवाद होतो. मात्र अपिलाचं कोर्ट तो पुरावा स्वतः नव्याने तोलू शकतं, किंबहुना त्याने तो तोललाच पाहिजे. खालच्या न्यायाधीशांनी विश्वास ठेवला म्हणून आम्हीही ठेवतो, एवढं लिहून अपील निकाली काढता येत नाही. अपीलकर्ता किंवा त्याचा वकील तारखेला आला नाही तरी केवळ त्या कारणावरून, रेकॉर्ड न बघता अपील फेटाळू नये, असं सर्वोच्च न्यायालयाने बनी सिंह विरुद्ध उत्तर प्रदेश (१९९६) या निकालात स्पष्ट केलं आहे.

लोक मला नव्याने काय सांगायचं आहे ते लिहून पाठवतात. अपिलात त्याचा फारसा उपयोग नसतो. जे सांगायचं ते रेकॉर्डमध्ये दाखवता आलं पाहिजे.

२. अपील कुठे आणि किती दिवसांत करायचं?

शिक्षा प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांनी दिली असेल तर सत्र न्यायालयात, ३० दिवसांत. सत्र न्यायालयाने दिली असेल तर उच्च न्यायालयात, ६० दिवसांत. (फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम ३७४, आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं ४१५.) उच्च न्यायालय म्हणजे मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर किंवा पणजीच असं आता राहिलेलं नाही. कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालं आहे.

निकालाची नक्कल मिळवण्यात गेलेले दिवस मुदतीतून वजा होतात. कैदेची शिक्षा झालेल्या आरोपीला निकालाची एक प्रत ताबडतोब आणि मोफत मिळायला हवी. ती मागून घ्या. मुदत उलटली तर विलंब माफीचा अर्ज करता येतो, पण उशिराचं कारण खरं आणि कागदावर दिसणारं असावं.

३. अपील होईपर्यंत तुरुंगात बसावं लागेल का?

शिक्षा तीन वर्षांपर्यंतची असेल, आरोपी जामिनावर असेल आणि अपील करायचं आहे असं त्याने सांगितलं, तर शिक्षा देणाऱ्या कोर्टानेच अपील दाखल होईपर्यंत जामीन द्यायचा असतो (जुनं ३८९, नवं ४३०). नाकारायचा असेल तर खास कारणं द्यावी लागतात. म्हणून निकालाच्या दिवशी जामीनदार आणि त्याची कागदपत्रं घेऊनच कोर्टात या. ही साधी गोष्ट न केल्यामुळे माणसं कारण नसताना आत जातात. पुढे अपिलाच्या कोर्टाकडून अपिलाचा निकाल लागेपर्यंत शिक्षेला स्थगिती घ्यावी लागते.

शिक्षेला स्थगिती वेगळी आणि दोषसिद्धीला, म्हणजे दोषी ठरवल्याच्या निर्णयाला, स्थगिती वेगळी. पहिली बहुधा मिळते. दुसरी क्वचित मिळते आणि तिच्यासाठी न भरून येणारं नुकसान दाखवावं लागतं. सरकारी नोकर आणि निवडणूक लढवणारे यांचा प्रश्न बहुतेक वेळा दुसरीचा असतो, आणि ते अर्ज मात्र पहिलीचा करून मोकळे होतात.

४. "पुरावा अपुरा" म्हणजे नेमकं काय? माझ्याविरुद्ध एकच साक्षीदार होता, तरी शिक्षा कशी झाली?

कारण साक्षीदार मोजायचे नसतात, तोलायचे असतात. अमुक इतके साक्षीदार हवेत असं पुराव्याचा कायदा सांगत नाही (जुनं १३४, नवं १३९). वडिवेलू थेवर विरुद्ध मद्रास (१९५७) या निकालात साक्षीदारांचे तीन प्रकार सांगितले आहेत : पूर्ण विश्वासार्ह, पूर्ण अविश्वासार्ह आणि मधले. पहिल्या प्रकारचा एकटा साक्षीदार पुरेसा असतो. दुसऱ्या प्रकारचे दहा असले तरी उपयोग नाही. तिसऱ्या प्रकारचा असेल तर त्याला दुसऱ्या पुराव्याचा आधार लागतो. अपिलातली खरी लढाई बहुतेक वेळा इथेच असते : तुमचा साक्षीदार मधल्या प्रकारातला आहे आणि त्याला आधार मिळालेला नाही, हे दाखवणं.

संशयाचा फायदा हाही असाच गैरसमज झालेला शब्द आहे. शिवाजी साहेबराव बोबडे विरुद्ध महाराष्ट्र (१९७३) या निकालात "असू शकेल" आणि "असलाच पाहिजे" यांत लांबचं अंतर आहे असं म्हटलं आहे, आणि हे वाक्य जवळजवळ प्रत्येक अपिलात वाचलं जातं. त्याच निकालात संशयाच्या फायद्याचा अतिरेक करू नये अशी तंबीही आहे. ती मात्र आरोपीचे वकील वाचत नाहीत. न्यायाधीश वाचतात. म्हणून संशय वाजवी हवा आणि रेकॉर्डमधूनच निघायला हवा.

५. सगळे साक्षीदार फिर्यादीचे भाऊ-पुतणे आहेत. एवढं पुरेसं नाही का?

नाही. नातेवाईक असणं आणि हितसंबंधी असणं या दोन गोष्टी आहेत. घरात झालेल्या मारहाणीला घरचेच साक्षीदार असणार. जवळचा नातेवाईक खऱ्या मारेकऱ्याला सोडून भलत्याला सहसा गुंतवणार नाही, असं दलीप सिंह विरुद्ध पंजाब (१९५३) पासून कोर्टं धरून चालतात. पण भर बाजारात दिवसाढवळ्या घटना घडली, आजूबाजूला दुकानदार होते आणि पोलिसांनी एकाचाही जबाब घेतला नाही, अशा वेळी नातेवाइकांची साक्ष जास्त काटेकोरपणे तपासा असं म्हणता येतं.

जुन्या वैमनस्याचंही तसंच आहे. ते दुधारी आहे. आरोपीला मारण्याचं कारण होतं असं सरकारी वकील म्हणणार, फिर्यादीला खोटं गुंतवण्याचं कारण होतं असं तुम्ही म्हणणार. त्यामुळे केवळ वैमनस्याच्या मुद्द्यावर अपील टिकत नाही.

६. पंच आणि स्वतंत्र साक्षीदार फितूर झाले, तरी दोषी कसं ठरवलं?

फितूर साक्षीदाराची सगळीच साक्ष पुसली जात नाही. त्यातला जो भाग इतर पुराव्याशी जुळतो तो कोर्ट घेऊ शकतं. "एकात खोटा तो सगळ्यात खोटा" हा नियम भारतात चालत नाही. मात्र जप्तीचे दोन्ही पंच फितूर असतील आणि तपासी अंमलदाराने पंचनाम्यातला मजकूर कोर्टात नीट सांगितलेला नसेल, तर हत्याराची जप्ती डळमळीत होते. ती डळमळीत झाल्याने काय फरक पडतो ते प्रश्न १० मध्ये आहे.

७. फिर्यादी स्वतः जखमी आहे. मग अपिलात काही आशा आहे का?

जखमी साक्षीदाराला कोर्ट जास्त वजन देतं हे खरं आहे; अब्दुल सय्यद विरुद्ध मध्य प्रदेश (२०१०) या निकालात तसं सांगितलं आहे. जखम ही तो तिथे हजर होता याची खूण असते. पण ती जखम कोणी केली हे जखमेवर लिहिलेलं नसतं. रात्रीची वेळ, खांबावरचा दिवा बंद, अनोळखी माणसं, ओळख परेड झालेलीच नाही आणि कोर्टात पहिल्यांदाच बोट दाखवलं, अशा खटल्यात जखमीची साक्षसुद्धा ओळखीच्या मुद्द्यावर अडखळते. एकाच गल्लीतल्या, रोज तोंड बघणाऱ्या माणसांच्या भांडणात मात्र ओळखीचा मुद्दा काढूच नका. बाकीच्या चांगल्या मुद्द्यांवरचा विश्वासही त्याने जातो.

८. साक्षीदाराने पोलिसांकडे जे सांगितलं नव्हतं ते कोर्टात सांगितलं. याचा फायदा मिळतो का?

मिळतो, आणि मारहाणीच्या अपिलांत सगळ्यात जास्त यश इथेच मिळतं. अट एकच : उलटतपासात हे व्यवस्थित सिद्ध झालेलं असलं पाहिजे.

उदाहरण घ्या. पोलिसांकडच्या जबाबात "आरोपींनी लाथाबुक्क्यांनी मारहाण करून शिवीगाळ, दमदाटी केली" एवढंच आहे. कोर्टात साक्षीदार सांगतो, "याने लोखंडी रॉड डोक्यात घातला." रॉडचा उल्लेख आधी नसणं ही महत्त्वाची वगळणूक आहे आणि तहसीलदार सिंह विरुद्ध उत्तर प्रदेश (१९५९) या निकालानुसार अशी वगळणूक विरोधाभासाइतकीच गंभीर ठरू शकते. पण त्यासाठी दोन पायऱ्या लागतात. आधी साक्षीदाराला विचारायचं, "हे तुम्ही पोलिसांना सांगितलं होतं का?" तो बहुधा म्हणतो, "सांगितलं होतं, त्यांनी का लिहिलं नाही माहीत नाही." मग जबाब घेणाऱ्या पोलीस अधिकाऱ्याला तोच प्रश्न विचारून "साक्षीदाराने मला असं सांगितलं नव्हतं" हे रेकॉर्डवर आणायचं. ही दुसरी पायरी गाळली तर पोलिसांकडचा जबाब नुसता फाईलमध्ये पडून राहतो. तो पुरावा नसतो आणि अपिलात तो वाचून दाखवता येत नाही.

म्हणून अपिलाची तयारी करताना मी निकालपत्राच्या आधी तपासी अंमलदाराचा उलटतपास वाचतो. तो दोन-चार ओळींचा असेल तर हात बांधले गेलेले असतात.

किरकोळ विसंगतींवर मात्र वेळ घालवू नका. साडेसात की आठ, उजवा हात की डावा, तीन फटके की चार, यावर कोणी सुटत नाही. घटनेनंतर काही वर्षांनी साक्ष देणारा माणूस घोकून आल्यासारखं अचूक बोलला तर उलट तोच संशयाचा मुद्दा होतो.

९. डॉक्टरांचा दाखला आणि साक्षीदार जुळत नाहीत. मग?

किती जुळत नाहीत ते पाहावं लागेल. प्रत्यक्षदर्शी साक्ष आणि वैद्यकीय पुरावा यांत फरक पडला तर सर्वसाधारणपणे प्रत्यक्षदर्शी साक्ष वरचढ ठरते. वैद्यकीय पुराव्याने ती गोष्ट घडणंच अशक्य आहे असं दिसलं तरच उलटं होतं. कुऱ्हाडीच्या पात्याने मारलं असं साक्षीदार ठामपणे सांगतो आणि दाखल्यात फक्त खरचटलेलं आणि मुका मार आहे, हा दखल घ्यावी असा फरक आहे.

दुसरा मुद्दा जखम "गंभीर" होती का हा. गंभीर दुखापतीची व्याख्या ठरलेली आहे (जुनं ३२०, नवं ११६) : हाड किंवा दात मोडणं किंवा निखळणं, डोळा किंवा कान कायमचा निकामी होणं वगैरे. अतिशय वेदना होणं किंवा रोजचे व्यवहार करता न येणं यासाठी जुन्या कायद्यात वीस दिवस होते, नव्यात पंधरा आहेत. हाड मोडल्याचं डॉक्टर सांगतात, पण एक्स-रे प्लेट कोर्टात आली नाही, एक्स-रे काढणाऱ्याची किंवा त्याचा अहवाल देणाऱ्याची साक्षही झाली नाही, असं असेल तर गंभीर दुखापत सिद्ध झाली नाही असा युक्तिवाद करता येतो. तो मान्य झाला तर आरोपी सुटत नाही, पण ३२५ (गंभीर दुखापत) वरून ३२३ (साधी दुखापत) वर, म्हणजे सात वर्षांपर्यंतच्या कलमावरून एक वर्षापर्यंतच्या कलमावर येतो.

इथे एक सापळा आहे. खटल्यात तुमच्या वकिलाने दाखला कबूल केला असेल (जुनं २९४, नवं ३३०), तर "डॉक्टरांना तपासलंच नाही" हा मुद्दा अपिलात काढता येत नाही. वेळ वाचवण्यासाठी दिलेली ती एक सही पुढे नडते. अपिलाआधी त्या कागदावरचा शेरा बघा.

नवज्योतसिंग सिद्धू यांचा खटला अनेकांना आठवतो. पतियाळातली घटना १९८८ ची. १९९९ मध्ये ते निर्दोष सुटले, २००६ मध्ये उच्च न्यायालयाने सदोष मनुष्यवधाचं कलम लावलं, आणि २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मृत्यूच्या कारणाबद्दलचा वैद्यकीय पुरावा अनिश्चित मानून त्यांना फक्त ३२३ खाली दोषी धरलं आणि एक हजार रुपये दंड केला. पुढे २०२२ मध्ये पुनर्विलोकनात एक वर्षाची कैद झाली. पुरावा मोठ्या गुन्ह्याला अपुरा असला तरी छोट्याला पुरू शकतो, हे त्यात दिसतं.

१०. काठी जप्तच झाली नाही, किंवा झाली पण तपासणीला पाठवली नाही. यावर सुटका होईल का?

एवढ्यावर नाही. विश्वासार्ह साक्ष असेल तर हत्यार न सापडणं जीवघेणं ठरत नाही. पण शिक्षा ३२४ खाली (नवं ११८(१)) असेल तर धोकादायक हत्यार वापरलं होतं हे सिद्ध व्हावंच लागतं. मुद्देमाल साक्षीदाराला दाखवून ओळखून घेतला का, डॉक्टरांना दाखवून "ही जखम याने होऊ शकते का" असं विचारलं का, सीलबंद ठेवला होता का, रासायनिक विश्लेषकाच्या अहवालात काय आलं, हे सगळं तपासा. शेतातला विळा किंवा कोयता प्रत्येक घरात असतो. तो सापडला यापेक्षा त्याचा या घटनेशी धागा जुळला का हे महत्त्वाचं.

११. "सर्वांनी मिळून मारलं" एवढंच लिहिलंय आणि आमच्या घरातल्या सगळ्यांना शिक्षा झाली आहे. वेगवेगळं बघत नाहीत का?

बघायला हवं. समान इराद्याचं कलम (जुनं ३४, नवं ३(५)) लागलं असेल तर प्रत्येकाने फटका मारला हे दाखवावं लागत नाही, पण इरादा एक होता हे दाखवावं लागतं. भांडण सोडवायला धावलेली आई, दारात उभा राहिलेला धाकटा भाऊ यांच्याबद्दल कुठल्याच साक्षीदाराने ठरावीक कृती सांगितली नसेल, तर त्यांचं अपील मुख्य आरोपीपेक्षा बरंच मजबूत असतं. अशा वेळी सगळ्यांचा एकच वकील आणि एकच युक्तिवाद ठेवू नये असं माझं मत आहे. घरच्यांना ते दुरावल्यासारखं वाटतं, तरीही.

बेकायदेशीर जमावाच्या कलमासाठी (जुनं १४९, नवं १९०) किमान पाच जण लागतात. काही जण सुटून पाचापेक्षा कमी उरले आणि इतर अनोळखी लोकही जमावात होते असं सरकारचं म्हणणं नसेल, तर ते कलम टिकत नाही. कोर्ट मग समान इराद्याचं कलम लागतं का ते बघतं.

१२. मार आम्हीही खाल्ला होता, त्याचा निकालात उल्लेखच नाही.

हा चांगला मुद्दा आहे. आरोपीच्या अंगावर त्याच घटनेतल्या मोठ्या जखमा असतील आणि सरकारी साक्षीदार त्याबद्दल गप्प असतील, तर ते घटनेचा खरा उगम लपवत आहेत असा निष्कर्ष निघू शकतो; लक्ष्मी सिंह विरुद्ध बिहार (१९७६) या निकालात हे सांगितलं आहे. किरकोळ ओरखड्यांना हे लागू नाही. तुमचा जखमेचा दाखला रेकॉर्डवर आहे का हे आधी पाहा. नसेल तर प्रश्न १४. तुमचीही फिर्याद असेल तर दोन्ही खटले एकाच न्यायाधीशांनी लागोपाठ चालवायला हवेत. पण निकाल मात्र ज्या त्या खटल्यातल्या पुराव्यावरच द्यायचा असतो.

१३. फिर्याद दोन दिवस उशिरा दिली, तपासही ढिसाळ होता. एवढं चालेल का?

उशीर समजावून सांगितला असेल, म्हणजे जखमीला आधी दवाखान्यात नेलं वगैरे, तर चालत नाही. उशिराच्या काळात नावं वाढली, हत्यारं वाढली असं दाखवता आलं तर चालतं. तपासातल्या चुकीचा फायदा आरोपीला आपोआप मिळत नाही. ती चूक झाल्यामुळे नेमकी कोणती गोष्ट सिद्ध व्हायची राहिली, ते बोट ठेवून दाखवावं लागतं.

१४. आमच्या वकिलाने उलटतपास धड केलाच नाही. आता नवे कागद, सीसीटीव्ही वगैरे देता येईल का?

अपिलाच्या कोर्टाला जादा पुरावा घेण्याचा अधिकार आहे (जुनं ३९१, नवं ४३२), पण तो खटल्यातली भगदाडं बुजवण्यासाठी नसतो. तो पुरावा न्यायासाठी आवश्यक का आहे आणि आधी का दिला नाही, दोन्ही सांगावं लागेल. सरकारी दवाखान्याच्या नोंदीसारखा, बनवता न येणारा कागद असेल तर प्रयत्न करावा. "वकील बदलला" हे कारण सहसा पुरत नाही.

एक गोष्ट मात्र वकिलावर अवलंबून नसते. आरोपीच्या जबाबात (जुनं ३१३, नवं ३५१) कोर्टाने त्याच्याविरुद्धची प्रत्येक महत्त्वाची बाब त्याला विचारायची असते. न विचारलेली बाब त्याच्याविरुद्ध वापरू नये, असं शरद बिरधीचंद सारडा विरुद्ध महाराष्ट्र (१९८४) या निकालात आहे. त्या प्रश्नांची यादी निकालपत्राशी ताडून बघा.

१५. अपील केलं आणि शिक्षा उलट वाढली असं होतं का?

फक्त तुमचं अपील असेल तर त्या अपिलात शिक्षा वाढवता येत नाही. सरकारने शिक्षा वाढवण्यासाठी वेगळं अपील केलं तर धोका असतो. निकाल पुढीलपैकी काहीही लागू शकतो : निर्दोष, कलम बदलून कमी शिक्षा, दोषसिद्धी कायम पण शिक्षा कमी, फेरसुनावणी, किंवा अपील फेटाळणं. पहिलाच गुन्हा असेल तर १९५८ च्या परिवीक्षा कायद्याखाली चांगल्या वर्तणुकीच्या बंधपत्रावर सोडावं, अशी पर्यायी मागणी जरूर ठेवा. ती ठेवल्याने निर्दोषत्वाचा मुद्दा कमकुवत होत नाही.

१६. अपील चालू असताना फिर्यादीशी मिटवलं तर?

३२३ आणि ३२५ मिटवता येतात, पण अपील चालू असताना अपिलाच्या कोर्टाची परवानगी लागतेच. परवानगीने मिटलं तर परिणाम निर्दोष सुटल्यासारखाच होतो. ३२६ (धोकादायक हत्याराने गंभीर दुखापत) आणि ३०७ (खुनाचा प्रयत्न) मिटवण्याजोगी नाहीत. तिथे समेट झाला तर तो शिक्षा कमी करण्यासाठी फार तर विचारात घेतला जातो. पुरावा खरोखर कच्चा असेल तर मिटवण्यासाठी पैसे मोजण्याआधी अपिलाचं पारडं वकिलाकडून तपासून घ्या.

१७. मी कोर्टात गुन्हा कबूल केला होता. आता पुरावा अपुरा म्हणता येईल?

नाही. कबुलीवर शिक्षा झाली असेल तर अपील फक्त शिक्षा किती आणि कायदेशीर आहे का, एवढ्यापुरतं असतं (जुनं ३७५, नवं ४१६). "दंड भरून मोकळे व्हा" या सल्ल्याची ही किंमत आहे. दंड भरला म्हणून अपिलाचा हक्क जात नाही, कबुलीने जातो. शिवाय प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांनी फक्त १०० रुपयांपर्यंत दंड केला असेल तर एरवीही अपील नाही.

१८. सरकारी कर्मचाऱ्याला मारहाणीचं ३५३ लागलंय. हे वेगळं असतं का?

महाराष्ट्राने या कलमात दुरुस्ती करून शिक्षा पाच वर्षांपर्यंत नेली आणि खटला सत्र न्यायालयाकडे दिला. त्यामुळे दुरुस्तीनंतर, नवा कायदा येईपर्यंतच्या गुन्ह्याचं अपील थेट उच्च न्यायालयात जातं. नव्या कायद्यात (कलम १३२) शिक्षा दोन वर्षांपर्यंत आहे. पुराव्याच्या बाजूने कळीचा प्रश्न असा : तो कर्मचारी त्या क्षणी कर्तव्यावर होता का, आणि त्याला कर्तव्यापासून रोखण्यासाठी हल्ला किंवा बळाचा वापर झाला का? ड्युटीचा कागद रेकॉर्डवर नसेल, किंवा नुसती बाचाबाची झाली असेल, तर हे कलम गळू शकतं.

१९. सत्र न्यायालयाने अपील फेटाळलं. पुढे काय?

उच्च न्यायालयात पुनरीक्षण अर्ज, ९० दिवसांत. पण तिथे पुरावा पुन्हा तोलला जात नाही. निष्कर्ष पुराव्याला सोडून आहे, महत्त्वाचा पुरावा वाचलाच नाही, किंवा कायद्याची चूक आहे, हे दाखवावं लागतं. त्यामुळे पुरावा अपुरा असल्याचा मुद्दा मांडण्याची खरी जागा पहिलं अपील हीच. ते "आधी टाकून तर ठेवू" म्हणून ढकलू नका.

२०. वकिलाचे पैसे नाहीत.

तुरुंगात असलेल्या माणसाला, स्त्रियांना, अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो. इतरांना उत्पन्नाच्या मर्यादेत. तालुका विधी सेवा समिती किंवा जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा. तुरुंगातून अधीक्षकांमार्फतही अपील पाठवता येतं.

२१. अपिलात निर्दोष सुटलो, तरी नोकरीत परत घेत नाहीत.

दोन गोष्टी वेगळ्या ठेवा. शिक्षेच्या आधारावर काढलं असेल तर तो आधार गेला, म्हणून परत घेण्याचा अर्ज लगेच द्या. पण विभागीय चौकशीत पुराव्याची पातळी कमी असते, त्यामुळे संशयाचा फायदा मिळून सुटलेल्याची चौकशी चालू राहू शकते. निकालात "साक्षीदारांवर विश्वास ठेवता येत नाही" असं आहे की फक्त "संशयाचा फायदा देण्यात येतो" असं आहे, याने इथे फरक पडतो. नव्या नोकरीच्या साक्षांकन नमुन्यात विचारलं असेल तर हा खटला लिहाच. अवतार सिंह विरुद्ध भारत सरकार (२०१६) पासून लपवणं हाच बहुतेक वेळा मोठा दोष ठरतो.

सरकार निर्दोष सुटण्याविरुद्ध उच्च न्यायालयात जाऊ शकतं, पण तिथे तुमची बाजू आधीपेक्षा भक्कम असते : दोन निष्कर्ष शक्य असतील तर सुटकेचा निष्कर्ष सहसा बदलला जात नाही.

२२. आम्ही तिघांपैकी एकानेच अपील केलं आणि तो सुटला. बाकीच्या दोघांचं काय?

तिघांविरुद्धचा पुरावा तोच असेल आणि तो खोटा ठरला असेल, तर अपील न केलेल्यांनाही फायदा दिल्याची उदाहरणं सर्वोच्च न्यायालयाच्या निकालांत आहेत; पवन कुमार विरुद्ध हरियाणा (२००३) हे एक. पण हे आपोआप होत नाही. त्या दोघांनी विलंब माफीसह स्वतःचं अपील दाखल करावं आणि सोबत पहिल्याच्या निकालाची नक्कल जोडावी. ज्याची भूमिका वेगळी होती, म्हणजे ज्याच्या हातात रॉड होता असं सगळे सांगतात, त्याला हा फायदा मिळण्याची शक्यता कमी.

२३. अपील चालू असताना वडील वारले. आता नाव कायमचं दोषी म्हणूनच राहणार का?

कैदेची शिक्षा असेल तर अपील संपतं, पण पत्नी, मुलं, आईवडील, भाऊ किंवा बहीण यांना मृत्यूनंतर ३० दिवसांत अर्ज करून ते पुढे चालवता येतं (जुनं ३९४, नवं ४३५). फक्त दंडाविरुद्धचं अपील असेल तर ते मृत्यूने संपत नाही.